दोन भिंतींमधली साडी

कल्याणच्या आमच्या चित्रकला मंडळाचं संमेलन दरवर्षी डिसेंबरच्या शेवटच्या रविवारी भरतं. दीपप्रज्वलन, अहवालवाचन, शाल-श्रीफळ सगळं रीतसर पार पडतं. मी वाट बघतो ती दुपारच्या ‘एक चित्रकार’ या तासाची. बोलायचं ते आपल्यातल्याच कुणीतरी, बाहेरचा वक्ता आणायचा नाही. हा नियम मी कार्यकारिणीत असेपर्यंत तरी मोडू देणार नाही.

मनात कायमचं बसलंय ते चित्रकार नलिनी मालानींवरचं भाषण. बोलल्या आमच्या निवृत्त चित्रकला शिक्षिका, ज्यांना आम्ही सगळे नुसतं ‘बाई’ म्हणतो. मालानींचा 1946चा कराचीतला जन्म, फाळणीत इकडे आलेलं कुटुंब, जे.जे.तलं शिक्षण, 1969मध्ये अकबर पदमसींच्या कार्यशाळेत केलेले प्रायोगिक चित्रपट हे सगळं बाईंनी भरभर सांगितलं. 1998च्या कामापाशी मात्र त्या थांबल्या. पोखरणच्या अणुचाचण्यांनंतर सादत हसन मंटोंच्या ‘टोबा टेक सिंग’ या फाळणीवरच्या कथेची आठवण जागवत मालानींनी एक व्हिडिओ-मांडणी केली. जमिनीवर पत्र्याच्या ट्रंका, ट्रंकांत टीव्हीचे पडदे. समोरासमोरच्या भिंतींवर दोन बायका, एक भारताची, एक पाकिस्तानची. दोघी मिळून एक साडी घडी करू बघतात आणि बघणारे आपण बरोबर मध्ये.

एवढं सांगून बाईंनी पिशवीतून आईची इरकली काढली. नऊवारी होती म्हणून पुरली. दोघी शिक्षिकांना दोन भिंतींशी उभं करून एकेक टोक हातात दिलं. काठ आमच्या केसांना लागत होते. घडी घालायची तर दोघींनी जवळ यायला हवं आणि मध्ये खुर्च्या टाकून बसलेलो आम्ही. “वाट कोण देणार?” बाईंनी एवढंच विचारलं. उल्हासनगरचे आमचे सिंधी आजोबा उठले, खुर्ची सरकवली आणि उभ्या उभ्याच बोलायला लागले. लहानपणी ते कल्याण कॅम्पात, म्हणजे फाळणीतल्या निर्वासितांच्या छावणीत राहिले. सिंधहून आणलेली ट्रंक अजून घरात आहे, झाकणाच्या आत पांढऱ्या ऑइलपेंटनं वडिलांचं नाव, सिंधी लिपीत. सून आता तिच्यात गोधड्या ठेवते. ते बोलत होते तेव्हा माझ्या डोळ्यांना धारा लागल्या होत्या. असं भाषण पैसे देऊन आणलेल्या वक्त्याकडून होत नाही.

आणि त्या वेळी हॉल निम्मा रिकामा! जेवणाला मात्र पंगत वाढवावी लागली होती. हे मला अजून लागतं.

मदत करणाऱ्यांचा उल्लेख राहायला नको. प्रोजेक्टर जोडून देणारा शाळेचा शिपाईदादा, माइक सांभाळणारा त्याचा भाचा, रांगोळी काढणाऱ्या दोघी बहिणी, चहावाले काका, मसालेभातासाठी पहाटे उठलेल्या वहिनी, खुर्च्या मोजून परत करणारी दहावीची मुलं, आजोबांना रिक्षानं घरी सोडणारे सहचिटणीस आणि साडी इस्त्री करून बाईंकडे पोहोचवणाऱ्या आमच्या खजिनदार ताई. कुणी राहिलं असेल तर अहवाल छापायला जाण्याआधी मला जरूर कळवा.