ओबर्नकिर्शेनचा बालवृंद: रखडलेल्या पाचपैकी तीन क्लिपा सुटल्या

मंडळी, दोन महिन्यांनी नोंद टाकतोय. जुन्या जर्मन टीव्हीवरचे बालवृंद गोळा करताना पाच क्लिपा अडल्या होत्या: त्या ओबर्नकिर्शेन या जर्मन गावच्या बालवृंदाच्याच आहेत का आणि कशा चित्रित झाल्या, हे ठरत नव्हतं. त्यांपैकी तिघींचा निकाल लागला.

पहिलीवर ‘जर्मन टीव्ही, 1953’ असं लिहिलेलं आहे, पण क्लिप रंगीत. पश्चिम जर्मनीत रंगीत प्रक्षेपण सुरू झालं 25 ऑगस्ट 1967 ला. क्लिपमध्ये मागून रंग भरल्याच्या खुणा नाहीत, म्हणून साल खोडलं.

दुसरीत फक्त मुलगे आहेत. ओबर्नकिर्शेनच्या वृंदात वेण्या घातलेल्या मुलीच जास्त, त्यामुळे तीही यादीतून गेली. बर्लिनच्या शोनेबर्गर झेंगरक्नाबेनचा, म्हणजे 1947 मध्ये गेऱ्हार्ड हेल्विग यांनी उभ्या केलेल्या मुलग्यांच्या वृंदाचा, कप्पा मी वेगळा ठेवलाय. मनोरंजनाच्या कार्यक्रमांत तेही भरपूर दिसायचे, म्हणून गल्लत होते.

तिसरीने मात्र तीन रविवार खाल्ले. गाणं ‘डेर फ्रोलिशे वांडरर’. ओबर्नकिर्शेनचा वृंद चालवणाऱ्या एडिथ म्योलर यांच्या या मुलांसाठी चाल बांधली त्यांच्या भावाने, फ्रीडरिश-विल्हेल्म म्योलर यांनी. 1953 मध्ये वेल्समधल्या लँगोलनच्या स्पर्धेत मुलं जिंकली, बीबीसीने गाणं ऐकवलं आणि 1954 मध्ये तबकडी ब्रिटनच्या लोकप्रिय तबकड्यांच्या यादीत दुसऱ्या क्रमांकापर्यंत चढली. चित्र धूसर असल्याने या वेळी डोळ्यांऐवजी कानांवर भिस्त ठेवली. तबकडीचं ध्वनिमुद्रण पेटीशी लावून पाहिलं, सूर पट्टीवर नीट बसला. क्लिपमधलं गाणं तेच, श्वासाच्या जागाही त्याच, पण सूर चढा. तोही पूर्ण एक पट्टी नाही, दोन पट्ट्यांच्या मध्येच कुठेतरी.

उलगडा झाला तो फ्रेम मोजताना. सिनेमाची फिल्म सेकंदाला 24 फ्रेमने चालते, जर्मन टीव्ही 25 ने. 24 ची फिल्म 25 ने दाखवली की सगळं सुमारे 4 टक्के वेगाने पळतं आणि सूर शेजारच्या पट्टीपर्यंतच्या अंतराच्या साधारण 70 टक्के वर जातो. माझा फरक नेमका तेवढाच भरला! वेग उतरवून पुन्हा ऐकलं, तर पेटी आणि मुलांचे आवाज एकमेकांत विरघळले. तो क्षण फार सुखाचा होता.

म्हणजे ही क्लिप स्टुडिओतलं थेट प्रक्षेपण नव्हे. मुळात फिल्म, तीही तबकडी वाजवून ओठ हलवत केलेली. ‘थेट गायन’ रकान्यातून काढली.

त्या रकान्यात आता दोनच नोंदी उरल्यात, आणि त्याचं कारण सगळ्यांना माहीत आहे. पश्चिम जर्मनीत टीव्हीचं नियमित प्रक्षेपण सुरू झालं 25 डिसेंबर 1952 ला. पेटर फ्रांकेनफेल्ड यांचा ‘1:0 फ्यूर झी’ हा टीव्हीवरचा मनोरंजनाचा कार्यक्रम सुरू झाला, तेव्हाही स्टुडिओत व्हिडिओ टेप नव्हती. पडद्यासमोर फिल्म कॅमेरा लावला असेल तरच काही उरायचं. मुलं उभी राहायची, गायची, आणि गाणं हवेत जायचं. म्हणून खरोखर थेट गायलेला अर्धा मिनिटही मला दहा तबकड्यांहून मोलाचा वाटतो.

चौथ्या क्लिपला पेटी लावून ठेवलीय. पहिल्या कडव्यापर्यंत तरी सूर पट्टीवरच आहे.