खुंटीवरची चावी

आठ दिवस झाले, तरी कोल्हापूरच्या ताराबाई पार्कातली ती गाडी डोक्यातनं जात नाही.

उद्यमनगरात माझं ऑटो इलेक्ट्रिकचं गॅरेज आहे. पूर्वी डायनॅमो, सेल्फ, वायरिंग असायचं. आता निम्मं काम चाव्यांचं आणि सेन्सरचं. त्या सकाळी फोन आला, "आमच्या गाडीला किती चाव्या जोडल्यात ते स्कॅनरवर दिसतं काय हो?" दिसतं म्हटलं. "मग लगेच या. ड्रायव्हरनं डुप्लिकेट काढलीय."

दीड वर्षाची इलेक्ट्रिक गाडी. दोन दिवसांपूर्वी रात्री तिच्यातनं रोकडीची बॅग गेली होती. काच शाबूत, कुलूप शाबूत. मोबाइलवर नोंद अशी की रात्री २ वाजून १० मिनिटांनी दार चावीनं उघडलं. दोन्ही चाव्या तर घरातच. म्हणजे तिसरी चावी असणार आणि ती ड्रायव्हर मामाकडं असणार, असा मालक साहेबांनी हिशेब केला. नऊ वर्षं त्यांच्याकडं गाडी चालवणाऱ्या माणसाला त्यांनी आदल्या दिवशीच काढून टाकलं होतं.

स्कॅनर लावला. नोंदलेल्या चाव्या: २. स्कूटरची चावी बाजारात घासून मिळते तशी ही मिळत नाही, गाडीला ओळख करून द्यावी लागते, असं मी सांगत होतो, तोवर साहेबांचा मुलगा म्हणाला, "काका, चावीची हुबेहूब नक्कल केली तर आकडा दोनच दिसणार ना?" इंजिनिअरिंगला आहे तो. बरोबर बोलला. बेल्जियममधल्या लूवेन विद्यापीठाच्या लोकांनी २०१८ मध्ये टेस्ला मॉडेल एसच्या चावीची अशी नक्कल करून दाखवली होती; त्या चावीतलं गुपित, म्हणजे आतला गुप्त आकडा, फक्त ४० बिटचं होतं, कॉम्प्युटरला शोधून काढता येईल इतकं छोटं. म्हणजे माझ्या आकड्यानं मामा सुटत नव्हते.

मी मुकाट्यानं स्कॅनर काढला, पाणी प्यायला हॉलमध्ये गेलो आणि तिथं ती खुंटी दिसली.

दाराशेजारी चपलांचं कपाट, त्यावर पितळी खुंट्या, एकीवर गाडीची चावी. भिंतीच्या पलीकडं पोर्च. टेप लावून बघितलं. खिडकीतनं माप धरलं तर खुंटीपासून गाडीच्या हँडलपर्यंत १ मीटर १० सेंटिमीटर. मध्ये साडेचार इंची विटांची भिंत.

आज्जी पोर्चमध्ये बसल्या होत्या. त्यांना म्हटलं, "आज्जी, त्या हँडलचं काळं बटण दाबा जरा."

"मी दाबू व्हय? माझ्याकडं कुठाय चावी?"

"दाबा की."

दाबलं. इंडिकेटर दोनदा मिचकले, दोन्ही आरसे फिरून बाहेर आले, कुलूप खटकन उघडलं. साहेबांना मी तेच परत करायला लावलं, तीन वेळा. मग चावी स्वयंपाकघरात ठेवली, तर दार हललं नाही.

बटण दाबलं की गाडी चावीला हाक मारते, ती १२५ किलोहर्ट्झवर. हँडलमधल्या कॉइलचं हे चुंबकीय क्षेत्र मुद्दाम तोकडं ठेवलेलं असतं, एक-दीड मीटरचं. पण वीट-सिमेंट त्याला आडवत नाही. चावी हाक ऐकते आणि गाडीनं घातलेल्या कोड्याचं उत्तर ४३३ मेगाहर्ट्झवर पाठवते. उत्तर दरवेळी वेगळं, त्यामुळं जुनं उत्तर चोरून भागत नाही. हे सगळं फार हुशारीनं केलंय. फक्त चावीनं हाक ऐकली म्हणजे मालक जवळ आहे, हे गाडीनं धरूनच चाललंय. बटणावर बोट कुणाचं, हे तिला कळत नाही.

परदेशात चोर दोन पेट्या घेऊन येतात, एक गाडीपाशी धरतात, एक घराच्या भिंतीपाशी, आणि हीच हाक लांबवतात. झुरिकच्या संशोधकांनी २०११ मध्ये आठ कंपन्यांच्या दहा मॉडेल्सवर हे करून दाखवलं, दहाच्या दहा उघडल्या. आता काही नव्या गाड्या सिग्नलला लागणारा वेळ मोजतात. सिग्नल प्रकाशाच्या वेगानं जातो, नॅनोसेकंदात ३० सेंटिमीटर; लांबनं आला की तेवढा उशीर होतो, म्हणून लांबवलेली हाक पकडली जाते. पण ती युक्तीसुद्धा इथं कामाची नव्हती. चावी खरोखरच जवळ होती! हँडल चाचपत गल्लीतनं जाणाऱ्या कुणालाही ते दार उघडलं असतं. आणि गाडी का नेली नाही, तेही मी आत बसून दाखवलं: केबिनमधल्या अँटेनांना चावी दिसत नाही, म्हणून स्टार्ट होत नाही.

डिलिव्हरीच्या दिवशी शोरूमवाले पेढे देतात, रिबन कापून घेतात, फोटोला अर्धा तास घालवतात. घरी चावी कुठं ठेवायची, हे कुणी सांगितलं काय, म्हणून विचारलं. कुणीच सांगितलं नव्हतं.

पण शोरूमला नावं ठेवताना मला माझंच खुपतंय. महिन्यापूर्वी मी ह्याच गाडीवर आलो होतो, १२ व्होल्टची बॅटरी उतरली म्हणून. इलेक्ट्रिक गाडीतही कुलूप, कंट्रोल युनिट सगळं ह्या छोट्या बॅटरीवर चालतं. ती मेली की मोठी बॅटरी भरलेली असून गाडी ठप्प. मी चार्ज करून दिली, पैसे घेतले, गेलो. ह्या वेळी करंट मोजणारा क्लॅम्प मीटर लावला, तर चावी खुंटीवर असताना गाडी झोपायलाच तयार नाही, थोड्या थोड्या वेळानं करंट वर उसळतोय. हेच तेव्हा बघितलं असतं तर खुंटी महिन्यापूर्वीच हलली असती. त्या दिवशी चावी माझ्या हातात त्याच खुंटीवरनं काढून दिली होती. मामांनी.

रोज संध्याकाळी चावी तिथं अडकवायची, ही साहेबांच्याच घरची शिस्त.

साहेब बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हणजे त्यानं केलं नाही, असं लिहून देता?" ते मला देता येत नव्हतं. मी लेटरहेडवर एवढंच लिहिलं: नोंदलेल्या चाव्या दोन, दोन्ही हजर, चावी खुंटीवर असताना दार कोणालाही उघडता येते, तीन वेळा तपासले. चावी आतल्या खोलीत झाकणाच्या डब्यात ठेवा आणि डबा गाडीपाशी नेऊन बटण दाबून बघा, हे तोंडी सांगितलं. मामांना परत बोलवा, हेही सांगितलं. ते "बघतो" म्हणाले.

काल मामा गॅरेजवर आले. आज्जींनी त्यांना फोन करून कागदाचं सांगितलं होतं. नव्या जागी विचारतात, आधीचं का सुटलं, म्हणून झेरॉक्स हवी होती. मी दिली. उभ्या उभ्या दोनदा वाचली त्यांनी.

"ह्यात माझं नाव कुठाय?"

नव्हतं. गाडीचा नंबर होता, चाव्यांचा आकडा होता. त्यांनी कागदाची चौघडी केली, वरच्या खिशात घातली आणि म्हणाले, "ऱ्हाऊ दे. तुम्ही बघितलंसा तेवढंच लिहिलंसा."