च्युइंगमचं गाणं आणि नवरीची एन्ट्री

अमेरिकन गायक ख्रिस ब्राऊनचं 'फॉरेव्हर' ऐकलंय ना? २००८ चं गाणं. बीट म्हणाल तर एक नंबर, मिनिटाला १२० ठोके, पाय हलल्याशिवाय राहतच नाहीत, आणि तो ऑटोट्यूनमधला, म्हणजे कॉम्प्युटरनं सुरात बसवलेला आवाजपण कानाला गोडच लागतो, खोटं कशाला बोलू.

गंमत म्हणजे हे गाणं मुळात रिग्ली कंपनीच्या डबलमिंट च्युइंगमसाठीच करून घेतलेलं. जाहिरातीतली जुनी ओळपण त्यात तशीच घुसवलेली. लोकांनी प्रेमाचं गाणं म्हणून डोक्यावर घेतलं, बिलबोर्डला, म्हणजे अमेरिकेतल्या हिट गाण्यांच्या यादीत, २ नंबरपर्यंत गेलं, अन् मग कळलं की बाबा ही तर जिंगल आहे!

मग फेब्रुवारी २००९. ग्रॅमी ह्या संगीत पुरस्कारांच्या आदल्या रात्री ब्राऊननं गायिका रिहानाला, म्हणजे स्वतःच्याच गर्लफ्रेंडला, गाडीत मारलं. तोंड सुजेपर्यंत. जूनमध्ये कोर्टात गुन्हा कबूल केला, ऑगस्टमध्ये ५ वर्षांचं प्रोबेशन झालं, म्हणजे कोर्टाच्या देखरेखीखाली बाहेरच राहायचं, तुरुंग नाहीच. रिग्लीनं मात्र जाहिरात लगेच थांबवली होती.

आणि त्याच वर्षी अमेरिकेत मिनेसोटातल्या एका लग्नात सगळं वऱ्हाड ह्याच गाण्यावर नाचत चर्चमध्ये शिरलं. तो व्हिडिओ यूट्यूबवर एवढा चालला की गाणं परत धडाधड विकायला लागलं. पण त्या नवरा-नवरीनं काय केलं, तर बायकांवरची मारहाण थांबवायचं काम करणाऱ्यांसाठी लोकांकडून देणगी गोळा केली. मला हे लई पटलं.

आता हे सगळं का सांगायले, तर माझ्या मावसबहिणीचं लातूरला लग्न आहे आणि एन्ट्रीला तिला हेच गाणं पाहिजे. मी नको म्हणलं तर मावशी म्हणती, "अगं, इंग्रजी कुणाला कळायलंय तिथं? त्यानं कुणाला मारलं अन् कुणाला नाही, कोण बघायलंय?"

मावशीचं खोटं नाही. डीजेवाला पेनड्राईव्हवरून वाजवणार, त्या ब्राऊनला रुपया मिळणार नाही. मीपण ट्रेडमिलवर हेच ऐकते, ऐकूच नका असं कुठं म्हणायले. हळदीला वाजवा, वरातीत वाजवा, मी सगळ्यात पुढं नाचते. पण जन्मभर तुझ्यासोबत म्हणणारं गाणं, तेबी असल्या माणसाच्या आवाजात, अन् नेमकं नवरी स्टेजकडं चालत येताना? मला नाही जमत बाई.

बहीण रुसलीये. म्हणती, दुसरं असलं नाचायला येणारं गाणं तूच शोधून दे. शोधायले.