तुम्ही विचारलंत म्हणून

मी मधेच उठून का जाते, असं दर खेपेला विचारता, म्हणून आज लिहूनच टाकते. जपानी दिग्दर्शक ओझूंचा १९३२ सालचा सिनेमा ‘जन्मलो खरा, पण...’ तुम्हाला दाखवायला मीच आणते, सुरुवातीचे चार शब्दही मीच बोलते, आणि सिनेमातल्या साहेबांच्या घरी घरगुती फिल्म लागली की मीच उठून बाहेर जाते. आजवर डोकेदुखीचं कारण सांगत आले. ते खरं नव्हतं.

त्या फिल्ममध्ये आधी प्राणिसंग्रहालय दिसतं. झेब्रा पांढऱ्यावर काळा की काळ्यावर पांढरा, यावर पोरं वाद घालतात. मग पडद्यावर सिनेमातल्या दोन भावांचे बाबा येतात, वेडीवाकडी तोंडं करत. साहेब हसतात, कचेरीतली माणसं हसतात. ते दोघे हसत नाहीत.

मी दहा वर्षांची होते. बाबांच्या कंपनीचं स्नेहसंमेलन. जेवणं झाल्यावर साहेब म्हणाले, “अहो, ते मांजरीचं होऊन जाऊ द्या.” बाबांनी हातातली ताटली खाली ठेवली. कौलावर भांडणाऱ्या दोन मांजरी, त्यांचं गुरगुरणं, फिस्कारणं, सगळं केलं. शेवटी रांगत साहेबांच्या खुर्चीभोवती फिरले. साहेबांच्या मुलीने मला विचारलं, “हे तुझे बाबा ना?” मी नाही म्हटलं.

परतताना स्कूटरवर त्यांना धरलं नाही, मागची स्टेपनी धरून बसले. “पडशील गं,” एवढंच म्हणाले. वळणांवर स्कूटर हळू घेत राहिले.

पुढे कित्येक वर्षं मी या सिनेमावर बोलताना मंदी, नोकरी, लाचारी असले शब्द वापरले. ते चूक नाही. साहेबांच्या जवळ बिऱ्हाड हलवलेला तो बाप, झोपलेल्या पोरांकडे बघून, माझ्यासारखे होऊ नका, असंच म्हणतो. पण त्या बापाचं काम करणारा तात्सुओ साइतो मुळात विनोदी नट, त्याची ती तोंडं बघून खरंच हसू येतं, हे मी तुम्हाला कधी सांगितलं नाही. बाबांची मांजरही हुबेहूब होती. घरी आम्ही हट्ट करून करायला लावायचो. तिथे, साहेबांपुढेही, त्यांना मजा आली असेल का? माहीत नाही. त्या रात्रीनंतर त्यांनी घरी मांजर केली नाही.

शेवटी ती मुलंच म्हणतात, जा बाबा, साहेबांना नमस्कार करा. तुम्हाला त्यात समजूतदारपणा दिसतो. पण त्याआधी त्यांनी बापाला तोंडावर विचारलेलं असतं, तुम्ही वाकता कशाला? आणि मारही खाल्लेला असतो. मी कधीच विचारलं नाही.

पुढच्या खेपेला आत बसून बघेन म्हणते. जमेलच असं नाही.