तुर्तकुल, नुकुस, मुयनाक: काराकालपाकस्तानच्या बदलत्या हद्दींमधून

उझबेकिस्तानला जाणारे बहुतेक मराठी प्रवासी ताश्कंद, समरकंद, बुखारा आणि फार तर खिवा एवढे पाहून परततात. खिव्याच्या पलीकडे अमूदर्या ओलांडली की काराकालपाकस्तान हे स्वायत्त प्रजासत्ताक लागते. देशाच्या क्षेत्रफळाचा सुमारे ३७ टक्के भाग या एकट्या प्रजासत्ताकाने व्यापला आहे, पण सहलीच्या आखणीत त्याला क्वचितच जागा मिळते. जे थोडे लोक जातात ते विमानाने थेट नुकुसला उतरतात, कलासंग्रहालय पाहतात, मुयनाकला आटलेल्या अराल समुद्राच्या वाळूत रुतलेल्या जहाजांपुढे छायाचित्रे काढतात आणि निघतात. आमचे मत असे झाले की या प्रदेशात दक्षिणेकडून, खिव्याहून, रस्त्यानेच शिरावे. कारण या रस्त्यावर गावे ज्या क्रमाने लागतात, जवळपास त्याच क्रमाने या प्रदेशाचा प्रशासकीय इतिहास घडला आहे, आणि तो ठाऊक नसेल तर वाटेत दिसणाऱ्या निम्म्या गोष्टींचा अर्थ लागत नाही.

खिव्यात किंवा ऊर्गेंचमध्ये दिवसभरासाठी मोटार ठरवावी. तुर्तकुल, बेरुनी, वाळवंटातील एक-दोन किल्ले, चिलपिक आणि मुक्कामाला नुकुस असा मार्ग चालकाला निघण्यापूर्वीच नकाशावर दाखवावा आणि भाडे त्यावर ठरवावे. ‘नुकुसला जायचे आहे’ एवढेच सांगितले तर तो सरळ हमरस्ता धरतो आणि प्रत्येक वळणासाठी नव्याने घासाघीस करावी लागते. इथल्या बऱ्याच मोटारी गॅसवर चालतात. गॅस भरताना प्रवाशांना फाटकाबाहेर उतरवतात आणि रांग लांब असते, तेव्हा त्यासाठी वेळ हाताशी ठेवावा.

नदीवर पूर्वी लोखंडी तराफ्यांचा पूल होता, आता पक्का पूल आहे. अमूदर्या इथे गढूळ, उथळ आणि पसरट दिसते. मात्र ही नदी दीर्घकाळ राज्यांची सीमा होती. १८७३ मध्ये रशियन फौजांनी खिवा जिंकल्यावर जो तह झाला त्यानुसार नदीचा उजवा काठ झारच्या साम्राज्यात गेला आणि डाव्या काठावर खिव्याच्या खानाचे मांडलिक राज्य चालू राहिले. उजव्या काठावर रशियनांनी त्याच वर्षी पेत्रो-अलेक्सांद्रोव्स्क नावाची गढी उभारली. पुढे तेच तुर्तकुल झाले. या काठाच्या मुलखाला अमूदर्या विभाग म्हणत आणि त्याच्यावर तुर्कस्तानच्या गव्हर्नर-जनरलचा अंमल होता. काराकालपाक लोक मात्र नदीच्या दोन्ही काठांवर आणि खाली त्रिभुज प्रदेशात राहत होते, म्हणजे एकाच समाजाचे लोक दोन राज्यांत विभागले गेले होते.

१९२० मध्ये खानाची राजवट संपून डाव्या काठावर खोरेझम लोक सोव्हिएत प्रजासत्ताक आले आणि १९२४ मध्ये मध्य आशियाची राष्ट्रीयतांनुसार फेरआखणी झाली, तेव्हा तेही मोडले. एकाच ओलिताच्या मुलखाचे तीन वाटे झाले. खिवा आणि ऊर्गेंच उझबेकिस्तानला मिळाले, दाशोगुझ आणि जुने ऊर्गेंच तुर्कमेनिस्तानला गेले आणि त्रिभुज प्रदेश व जुना अमूदर्या विभाग मिळून १९२५ मध्ये काराकालपाक स्वायत्त प्रांत तयार झाला. हा प्रांत कझाक स्वायत्त प्रजासत्ताकाला जोडला गेला, कारण काराकालपाक भाषा उझबेकपेक्षा कझाकला बरीच जवळची आहे. १९३० मध्ये तो कझाकांकडून काढून थेट रशियन संघराज्याच्या ताब्यात दिला, १९३२ मध्ये त्याला स्वायत्त प्रजासत्ताकाची बढती मिळाली आणि डिसेंबर १९३६ मध्ये नव्या सोव्हिएत राज्यघटनेबरोबर तो उझबेक प्रजासत्ताकाला जोडला गेला. त्याच घटनेने कझाकिस्तान रशियन संघराज्यातून बाहेर पडून संघ प्रजासत्ताक, म्हणजे सोव्हिएत संघाचा थेट घटक, झाला होता, त्यामुळे काराकालपाकस्तानला रशियाची जमिनीवरची हद्दच उरली नव्हती. अवघ्या ११ वर्षांत तीन मालक बदलले आणि या काळात माणसे आपापल्या गावीच होती.

तुर्तकुलमध्ये पाहण्यासारखे फारसे काही नाही, हे आधीच सांगितलेले बरे. रुंद रस्ते, बाजार, चहाची दुकाने आणि सोव्हिएत धाटणीच्या इमारती एवढेच तिथे आहे. तरीही अर्धा तास थांबावे, कारण आज दिसणारे तुर्तकुल हे एके काळी काराकालपाकस्तानची राजधानी असलेले तुर्तकुल नव्हे. अमूदर्या उजवा काठ खणत राहते. स्थानिक लोक याला देगिश म्हणतात आणि एकदा नदी भिडली की काठाचे मोठमोठे तुकडे पाण्यात कोसळतात. १९३० च्या दशकात नदी गावाच्या दिशेने सरकू लागली, १९३९ मध्ये राजधानी वायव्येला नुकुस येथे हलवण्यात आली आणि पुढच्या दशकात जुने गाव नदीने गिळले. नवे तुर्तकुल काठापासून दूर वसवण्यात आले. मालक बदलण्याचे हुकूम वरून येत होते, पण राजधानी बदलण्याचा हुकूम नदीने दिला.

पुढचे बेरुनी हे गाव आपल्या वाचकांना नावाने ओळखीचे वाटेल. भारताविषयी इतक्या बारकाईने लिहिणारा विद्वान अल्-बेरुनी ९७३ मध्ये इथल्याच प्राचीन काथ नगरीच्या परिसरात जन्मला आणि सोव्हिएत काळात, १९५७ मध्ये, शब्बाझ हे जुने नाव काढून गावाला त्याचे नाव देण्यात आले. तिथून उत्तरेला तोप्राक-काला आणि आयाझ-काला हे कच्च्या विटांचे किल्ले आहेत. दोन्ही पाहण्याचा हट्ट धरू नये. वेळ कमी असल्यास आयाझ-काला निवडावा, कारण टेकडीवरून ओलिताची हिरवी कड आणि वाळवंट एकाच दृष्टिक्षेपात येतात. सावली कुठेच नाही. पाणी, टोपी आणि बंद बूट लागतातच.

नुकुसच्या अलीकडे ४५ किलोमीटरांच्या आसपास, रस्त्याला लागूनच, चिलपिकची गोल टेकडी आहे. माथ्यावर जरथुष्ट्री पंथाचा दख्मा, म्हणजे मृतदेह उघड्यावर ठेवण्याची गोल वास्तू, आहे. मुंबईच्या डुंगरवाडीचे नाव ऐकून असलेल्या माणसाला त्याचा उपयोग समजावून सांगावा लागत नाही. फरक एवढाच की इथे आत जाता येते आणि वरून अमूदर्येचे पूर्ण वळण दिसते. चढ थोडा आहे, पण माती निसरडी आहे.

नुकुसला मुक्काम दोन रात्रींचा तरी असावा. शहर नवे, सपाट आणि पहिल्या नजरेला रूक्ष आहे. स्वायत्त प्रजासत्ताक म्हणजे नेमके काय, हे मात्र इथेच कळते. सोव्हिएत व्यवस्थेत पायऱ्या ठरलेल्या होत्या: १९७७ च्या राज्यघटनेनुसार सोव्हिएत संसदेतल्या राष्ट्रीयतांच्या सभागृहात संघ प्रजासत्ताकाला ३२, स्वायत्त प्रजासत्ताकाला ११, स्वायत्त प्रांताला ५ आणि स्वायत्त जिल्ह्याला १ जागा मिळे. स्वायत्त प्रजासत्ताक झाले की स्वतःची घटना, सर्वोच्च सोव्हिएत (म्हणजे विधिमंडळ), मंत्रिमंडळ आणि त्यासोबत भाषा, नाट्यगृह, विज्ञान अकादमीची शाखा, संग्रहालय असा सगळा सरंजाम येई. नुकुसचे सावित्स्की कलासंग्रहालय या सरंजामातूनच उभे राहिले. इगोर सावित्स्की १९५० मध्ये पुरातत्त्व मोहिमेबरोबर चित्रकार म्हणून इथे आले, रमले, आधी काराकालपाक दागिने, गालिचे आणि तंबूंची सजावट गोळा करू लागले आणि १९६६ मध्ये संग्रहालय उघडल्यावर त्यांनी मॉस्को-ताश्कंदच्या चित्रकारांची अशी चित्रे आणण्याचा सपाटा लावला की जी सरकारी नापसंतीमुळे तिकडे भिंतीवर टांगण्याची सोय नव्हती. स्थानिक पक्षप्रमुख काल्लिबेक कामालोव्ह यांचा त्यांना पाठिंबा होता. परदेशी माणसाला सहजी न पोचता येणारे, मॉस्कोपासून दूर, पण खर्चाला स्वतःची तिजोरी असलेले हे ठिकाण नुसते प्रांताचे गाव राहिले असते तर हे घडणे अवघड होते, असे आम्हाला वाटते.

संग्रहालयात लिसेन्को या चित्रकाराचे ‘बैल’ हे चित्र चुकवू नये. निळसर अंगाचा हा प्राणी समोरून रोखून पाहतो आणि त्याचे डोळे काळ्या, पोकळ नळ्यांसारखे आहेत. त्यातून काहीतरी सुटेल अशी धास्ती वाटते. चित्रांच्या नादात लोककलेचा विभाग घाईने उरकू नये. नवरीचे लाल, पोवळ्यांनी जडवलेले शिरोभूषण तिथे आहे आणि ते जवळून पाहिले की बारीक टाक्यांची घनता थक्क करते. छायाचित्रणाचे शुल्क वेगळे असते आणि सुट्टीचा वार आधी विचारून घ्यावा.

नुकुसपासून सुमारे १५ किलोमीटरांवर, डाव्या काठावर, खोजेली हे गाव आहे. १९२० पर्यंत हे खानाच्या राज्यात होते. जवळच्या मिझदाखान या विस्तीर्ण दफनभूमीत शतकानुशतकांच्या कबरी एकावर एक आहेत. नाझलुमखान सुलूची जमिनीखालची कबर फिरोजी टाइल्ससाठी पाहावी. एका पडक्या वास्तूची दर वर्षी एक वीट गळते आणि शेवटची गळेल तेव्हा जग बुडेल अशी तिथे समजूत आहे. म्हणून येणारे लोक आसपासच्या विटा उचलून सात-सात विटांच्या छोट्या उतरंडी रचून ठेवतात. त्यांना हात लावू नये. समोर तुर्कमेनिस्तानची सरहद्द आहे आणि पलीकडे जुने ऊर्गेंच, जिथे जायला आता वेगळा व्हिसा लागतो; १९२४ ची रेषा प्रवाशाला प्रत्यक्ष आडवी येते ती इथे.

सोव्हिएत संघ विस्कटत असताना, १९९० मध्ये, काराकालपाकस्ताननेही सार्वभौमत्वाची घोषणा केली आणि १९९३ मध्ये २० वर्षांच्या कराराने तो उझबेकिस्तानात राहिला. सार्वमत घेऊन बाहेर पडण्याचा हक्क उझबेक राज्यघटनेत नोंदलेला आहे. जुलै २०२२ मध्ये ही कलमे काढण्याचा प्रस्ताव आला तेव्हा नुकुसमध्ये निदर्शने झाली, सरकारी आकड्यांनुसारही किमान २१ जणांचा जीव गेला आणि प्रस्ताव मागे घेण्यात आला. या विषयावर यजमानांना बोलते करण्याचा प्रयत्न करू नये; आपण निघून जातो, ते तिथेच राहतात. पोलीस चौक्या आणि पहारा असलेल्या सरकारी इमारती यांची छायाचित्रे टाळावीत. एरवी आम्हाला कुठेही अडचण आली नाही.

खाण्याविषयी. शाकाहारी माणसाने नान, टोमॅटो-कांद्याची कोशिंबीर, अंडी, सुकामेवा आणि हिरवा चहा यांवर निभावण्याची तयारी ठेवावी. खिव्यात अंड्याच्या सारणाचे तुखुम-बराक मिळते, ते सोडू नये. मांसाहारी मंडळींनी नुकुसमध्ये गुर्तिक मागवावे. ज्वारीच्या पिठाच्या उकडलेल्या चकत्या रश्शाबरोबर येतात आणि ज्वारी इथवर पोचलेली पाहून बरे वाटते.

मुयनाक नुकुसच्या उत्तरेला सुमारे २०० किलोमीटर आहे. पहाटे निघून रात्री परत येता येते. एके काळी हे अराल समुद्रावरचे बंदर होते आणि इथे मासे डबाबंद करण्याचा मोठा कारखाना होता. अमूदर्या आणि सिरदर्या यांचे पाणी कापसाकडे वळवल्यावर १९६० च्या दशकापासून समुद्र मागे हटत गेला. आता किनारा मुयनाकपासून शंभर किलोमीटरांहून दूर आहे. समुद्र गेल्यावर कारखाना चालू ठेवण्यासाठी दुसऱ्या समुद्रांतले गोठवलेले मासे इथे आणत होते, हे ऐकून हसावे की रडावे कळत नाही. स्वायत्ततेच्या मर्यादा इथे उघड्या पडतात: पाण्याचे निर्णय मॉस्कोत होत, कापसाचे उद्दिष्ट ताश्कंदहून येई आणि काराकुम कालवा तर शेजारच्या तुर्कमेनिस्तानात पाणी नेत होता. राष्ट्रीयतांच्या सभागृहातल्या ११ जागांनी संग्रहालय मिळाले. नदी मिळाली नाही.

जहाजांपाशी उतरण्यापूर्वी कड्यावर लावलेले नकाशे पाहून घ्यावेत. पाणी कसकसे आटले ते वर्षांनुसार दाखवले आहे. जहाजांवर चढू नये, पत्रा गंजून धारदार झाला आहे. वारा सुटला की खारी धूळ उडते, म्हणून तोंडाला बांधायला रुमाल आणि डोळ्यांना चष्मा हवा. दम्याच्या रुग्णांनी वाऱ्याच्या दिवशी जाऊच नये. प्रत्यक्ष पाण्यापर्यंत जायचे असल्यास चारही चाकांना जोर असलेली गाडी, जाणता चालक आणि तंबूतला एक मुक्काम लागतो. आटलेल्या तळावर ठळक रस्ते नाहीत आणि मोबाइलचा भरवसा नाही, म्हणून एकटी गाडी नेण्याचे धाडस करू नये.

एप्रिल-मे किंवा सप्टेंबर-ऑक्टोबर हाच काळ बरा; जुलैत पारा चाळिशी ओलांडतो आणि जानेवारीत शून्याखाली जातो. भारतीयांना ई-व्हिसा मिळतो आणि काराकालपाकस्तानसाठी वेगळा परवाना लागत नाही. मुक्कामाची नोंदणी हॉटेल करते, पण घरगुती मुक्कामात ती मागून करून घ्यावी आणि चिठ्ठ्या देश सोडेपर्यंत जपाव्यात. रोख रक्कम नुकुसमध्येच काढावी. परतीला ताश्कंदची रात्रीची गाडी उत्तम: कुपेचा डबा घ्यावा, खालचा बाक मिळतो का पाहावे आणि पेला सोबत ठेवावा, कारण प्रत्येक डब्याच्या टोकाला उकळत्या पाण्याची टाकी असते. सुट्ट्यांच्या दिवसांत तिकिटे लवकर संपतात, तेव्हा ती खिव्याला निघण्यापूर्वीच काढून ठेवावीत.