हुतात्मानं पुणं बघायला

तिकीट काढलं त्या दिवशीच शेजारच्या मावशींनी विचारलं, "पुण्याला का गं? कोण अ‍ॅडमिट आहे?"

कोणी नाही म्हटल्यावर पुढचा प्रश्न, "मग स्थळ बघायला का?" माझी थोरली सातवीत आहे. "मी आणि अप्पा नुसतंच फिरायला चाललोय," म्हटलं, तर मी काहीतरी लपवतेय अशी त्यांची खात्रीच झाली.

त्यांचं चुकत नाही. सोलापूरकर पुण्याला कामानं जातो. दवाखाना, परीक्षा, मुलाखत, पोराचं होस्टेल. अप्पा आजवर अकरा वेळा पुण्याला गेलेत (मोजून सांगतात), त्यातल्या नऊ वेळा आईच्या आजारपणात. त्यांचं पुणं म्हणजे स्टेशन, रिक्षा, दवाखान्याचा व्हरांडा, खालचं मेडिकल आणि परत स्टेशन. शनिवारवाडा त्यांनी कॅलेंडरवर बघितलेला. आई जाऊन आता चार वर्षं झाली. एकदा काहीही काम नसताना पुण्याला जाऊन येऊ, असं मी म्हटलं तेव्हा "काय करायचंय" म्हणाले, आणि दुसऱ्या दिवशी चपलेला टाका घालून आणला. म्हणजे तयार.

जायचं हुतात्मानं, यायचं हुतात्मानं. हुतात्मा एक्स्प्रेस सकाळी साडेसहाच्या सुमाराला सोलापूर सोडते, चार तासांत पुण्यात, आणि संध्याकाळी सहाच्या सुमाराला पुण्याहून परत निघते. मधे साडेसात तास हातात राहतात. नव्या गाड्या आल्या, वंदे भारत आली, पण सोलापूरकराची गाडी ही. सेकंड सीटिंगच्या डब्यात निम्मे लोक एकमेकांना नावानं ओळखतात, आणि खिडकीची सीट म्हाताऱ्या माणसाला न मागता मिळते. अप्पांना मिळाली.

जानेवारीतला शनिवार होता. मोहोळ जाईपर्यंत बाहेर अंधारच. कुर्डुवाडीला उजाडलं तसा मी डबा उघडला. कडक भाकरी, शेंगाची चटणी, वर दही. समोरच्या बाकावरचा कॉलेजचा पोरगा वासानंच अस्वस्थ झाला, त्याला अर्धी भाकरी दिली. अप्पांना कुर्डुवाडी आली की बारशी लाईट आठवते. १८९७ साली सुरू झालेली ती छोट्या रुळांची गाडी. लहानपणी अप्पा तिच्यातून पंढरपूरला गेले होते आणि चढावर पोरं खाली उतरून गाडीबरोबर पळायची, असं ते सांगतात. हे मी इतक्यांदा ऐकलंय की आता मलाही ते आठवतं. आता तिथं मोठे रूळ आहेत आणि पळायला कोणी उतरत नाही.

जेऊरच्या पुढं मात्र बोलणं थांबलं. उजनीचं पाणी दिसायला लागलं. भीमेवरच्या या धरणाचा फुगवटा भिगवणपर्यंत आणि त्याच्याही वर पसरलेला आहे, आणि रेल्वे त्याच्यावरूनच जाते. दोन्ही बाजूंना पाणी, त्यात बुडालेल्या बाभळींची काळी टोकं, एखादी मासे धरणाऱ्याची होडी. लांबवर उथळ पाण्यात फिकट गुलाबी रेघ होती. रोहित पक्षी. हिवाळ्यात येतात. डब्यातले सगळे मोबाईल खिडकीकडं वळले, आणि सगळ्यांच्या फोटोत फक्त खिडकीचे गज आले. अप्पा म्हणाले, "पाणी बघ किती आहे. आणि आपल्याला पाच दिवसांनी." सोलापूर उजनीचंच पाणी पितं, हे बाहेरच्यांसाठी सांगून ठेवते. नळाला रोज येत नाही, हे पण.

दौंडला चहा. दुसरी लाईन झाल्यापासून क्रॉसिंगसाठी ताटकळणं कमी झालंय, त्यामुळं साडेदहाच्या आसपास आम्ही पुण्यात. पुणे स्टेशनची ही इमारत १९२५ सालची. अप्पांनी बाहेर आल्या आल्या सवयीनं दवाखान्याच्या रस्त्याकडं वळायला सुरुवात केली. मी हात धरून मेट्रोकडं वळवलं.

इथं माझा शहाणपणा नडला. मागच्या सुट्टीत मैत्रिणीबरोबर मेट्रोनं फिरले होते, त्यामुळं मी अप्पांची गाईड. सिव्हिल कोर्टला गाडी बदलायची. तिथं वरची लाईन उंच पुलावर आणि दुसरी थेट जमिनीच्या पोटात, जवळपास ३३ मीटर खाली. सरकत्या जिन्यांवरून उतरतोय, उतरतोय, तरी संपेना. अप्पा म्हणाले, "विहिरीतसुद्धा एवढं खाली पाणी लागतं." या कौतुकात मी समोर आलेल्या गाडीत अप्पांना बसवलं, आणि पुढचं स्टेशन आलं शिवाजीनगर. उलट्या दिशेला! उतरलो, पलीकडं गेलो, परत आलो. अप्पा काही बोलले नाहीत. त्यांचं न बोलणं मला चांगलं ओळखता येतं. कसबा पेठेत वर आलो तेव्हा अकरा वाजून गेले होते.

शनिवारवाड्याचा दिल्ली दरवाजा बघून मात्र अप्पा खुलले. हत्तीनं धडक देऊ नये म्हणून मारलेले ते खिळे त्यांनी दहाएक मिनिटं न्याहाळले. मग आत गेलो आणि ते म्हणाले, "वाडा कुठाय?"

हा प्रश्न तिथं येणाऱ्या प्रत्येकाला पडत असणार, फक्त कोणी विचारत नाही. पहिल्या बाजीरावानं १७३० साली पाया घातला, दोन वर्षांत वास्तुशांत झाली, आणि पुढं इंग्रजांच्या काळात १८२८ साली लागलेल्या आगीत आतलं सगळं लाकूडकाम जळून गेलं. राहिले तट, दरवाजे, नगारखाना, आणि आत जोत्यांचे चौथरे. आता त्या चौथऱ्यांमधे हिरवळ आहे आणि शाळेच्या सहली. नारायणराव पेशव्यांच्या खुनाची गोष्ट एक मास्तर पोरांना सांगत होते. "काका मला वाचवा" आलं तशी मागची दोन पोरं तेच ओरडत पळाली. अप्पांचं मत पडलं, "आपला सोलापूरचा भुईकोट किल्ला बरा. निदान आहे तरी." मी वाद घातला नाही. पण हजारी कारंज्यापाशी ते बराच वेळ उभे होते. आत कोरडं होतं. त्या काळात एवढ्या तोट्यांना पाणी कुठून, कुठल्या दाबानं आणलं असेल, हे त्यांना पडलेलं. मिलमधे बॉयलरला पाणी कमी पडायचं त्याची गोष्ट मग मला ऐकावी लागली.

मग आम्ही 'अप्पा बलवंत' नावाच्या चौकातून पुस्तकांची दुकानं ओलांडत चालत गेलो. माझा तिथं अर्धा तास गेला, तो हिशेबात धरत नाही. तुळशीबागेत गर्दी एवढी की अप्पांनी माझ्या पदराचं टोक धरलं, लहानपणी मी त्यांच्या सदऱ्याचं धरायचे तसं. जेवलो सदाशिव पेठेत एका खानावळीत. वाढणारा माणूस विनम्र होता, आग्रह करत होता, पण आमटीचा पहिला घास घेऊन अप्पांनी वाटी माझ्याकडं सरकवली. "ही आमटी आहे का पन्हं?" हळू म्हणाले असं त्यांना वाटलं. शेजारच्या टेबलावरच्या आजी हसल्या आणि म्हणाल्या, "सोलापूरचे का? आमच्या सुनेचं माहेर अक्कलकोटचं. तीही रोज हेच म्हणते." पिशवीतून चटणीची पुडी निघाली, त्यातली थोडी त्या आजींच्या ताटातही गेली.

दिवसाचा सगळ्यात चांगला वेळ गेला राजा केळकर संग्रहालयात. दिनकर केळकरांचा मुलगा राजा लहानपणीच गेला, आणि त्याच्या नावानं त्यांनी गावोगाव फिरून वस्तू जमवल्या. राजेमहाराजांच्या वस्तू आहेतच, पण खरी गंमत घरातल्या वस्तूंची. दिवे, अडकित्ते, कुलुपं, पानाचे डबे, कंगवे, खेळणी. वीस हजारांच्या वर वस्तू, त्यातल्या थोड्याच मांडलेल्या. एकेक अडकित्ता असा की सुपारी कातरायला कशाला एवढी नक्षी, असं वाटावं. कोथरूडहून आणून उभा केलेला मस्तानी महालही तिथंच आहे. बाहेरच्या वाड्यापेक्षा पेशवाईची कल्पना मला त्या एका दालनात जास्त आली.

अप्पा अडकले कापडांपाशी. आयुष्य गेलं मागावर. आधी मिलमधे, मिल बंद पडल्यावर पूर्व भागातल्या कारखान्यात, चादरी आणि टॉवेल. काचेला नाक लावून ते एका जुन्या जरीच्या काठाकडं बघत होते आणि तोंडातल्या तोंडात मोजत होते. पहारेकरी आला. मला वाटलं, आता काचेपासून लांब व्हा म्हणणार. तो म्हणाला, "काय मोजताय बाबा?" अप्पांनी त्याला ताणा कुठला, बाणा कुठला, धोटा किती वेळा बदलला असेल आणि असा एक वीतभर काठ विणायला किती दिवस जातील हे सांगितलं. तो ऐकत उभा राहिला, मग दुसऱ्या एका काचेपाशी स्वतःच घेऊन गेला. मी बाकावर बसून घेतलं. आईच्या आजारपणात याच शहरात व्हरांड्यात तासन्‌तास बसणारा हा माणूस कोणाशी एक शब्द बोलायचा नाही.

तीन वाजले तसं अप्पा म्हणाले, "येरवड्याला जाऊ."

हे माझ्या यादीत नव्हतं. यादीत सारसबाग होती. पण त्यांच्या मनात ते गाडीत बसल्यापासूनच होतं, हे मला तेव्हा कळलं. आमच्या गाडीचं नाव ज्यांच्यावरून आहे ते चार हुतात्मे, मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, श्रीकिसन सारडा आणि जगन्नाथ शिंदे. गांधीजींना मे १९३० मधे अटक झाल्यावर सोलापूर पेटलं, काही दिवस गावात इंग्रजांची सत्ताच उरली नाही, मग लष्करी कायदा लागला. पोलिसांच्या खुनाचा आरोप ठेवून या चौघांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याच्या तुरुंगात फाशी दिलं. नुकतीच १२ जानेवारी होऊन गेली होती. त्या दिवशी अप्पा दरवर्षी सोलापुरातल्या या चौघांच्या पुतळ्यांपाशी जाऊन येतात. "चौघांना इकडं आणलं, आणि आपण एवढ्यांदा येऊन कधी तिकडं गेलो नाही," एवढंच म्हणाले.

मंडईतून मेट्रो, सिव्हिल कोर्टला बदल (यावेळी मी पाटी दोनदा वाचली), आणि येरवडा. बंडगार्डन सोडल्यावर गाडी मुळा-मुठेवरून जाते. खाली काळसर पाणी, जलपर्णी, बंद काचेतूनही येतोय असं वाटणारा वास. अप्पांनी विचारलं, "ही कुठं जाते?" भीमेला मिळते, मी म्हटलं, दौंडच्या अलीकडं. पुढं उजनी.

"म्हणजे आपल्याकडं."

"हो."

ते नदी मागं जाईपर्यंत वळून बघत राहिले.

तुरुंगापर्यंत रिक्षा केली. उंच दगडी भिंत, फाटक, बंदूकधारी शिपाई, फोटो काढायला मनाई. आत जायचं नव्हतंच. रस्त्याच्या पलीकडं उभं राहून अप्पांनी चपला काढल्या, हात जोडले, परत चपला घातल्या. दोन मिनिटं. भेटीची वाट बघत बसलेल्या बायका होत्या, त्यांच्याकडं बघून ते लगेच बाजूला झाले. व्हरांड्यात बसलेली माणसं त्यांना कुठंही ओळखू येतात.

जवळच कैद्यांनी बनवलेल्या वस्तूंचं दुकान आहे. तिथं सोलापूरच्या विणकरानं टॉवेल विकत घेतला. आधी उलटा केला, किनार ओढून बघितली, उजेडात धरला. "पोरांचा हात बरा आहे," म्हणाले. "ठोक जरा कमी पडलाय." सोलापूरला टॉवेल घेऊन जाणारा माणूस मी पहिल्यांदाच बघितला आणि तसं बोललेही. त्यावर त्यांनी पिशवीची गाठ आणखी घट्ट मारली.

परतीच्या गाडीत सकाळचेच निम्मे चेहरे, फक्त दमलेले. उजनीवरून गेलो तेव्हा बाहेर काहीच दिसत नव्हतं, नुसता चाकांचा आवाज बदलला. अप्पा तेवढ्यापुरते जागे झाले आणि परत झोपले.

दहा वाजून गेल्यावर सोलापूर. गल्लीच्या तोंडाशी आलो तर सगळी गल्ली जागी, पाइपा रस्त्यावर, मोटारींची घरघर. पाण्याचा दिवस होता आणि आम्ही विसरलो होतो. मावशींनी आमच्या दारातला बॅरल लावून ठेवला होता. "आलात? काय म्हणाले डॉक्टर?" त्यांनी विचारलं.

अप्पांनी पिशवी माझ्या हातात दिली, बाह्या सारल्या आणि पाइप दुसऱ्या बॅरलात टाकला.

"पुण्याचं पाणी आलंय," मला म्हणाले. "झाकण आण."