तुम्ही विचारलंत म्हणून: नार्को-हुकूमशाही कशाला म्हणायचं?

"नार्को-हुकूमशाही म्हणजे नक्की काय? सीरिया, होंडुरास, व्हेनेझुएला या सगळ्यांना एकच शब्द कसा लागू पडतो? आणि नार्को-स्टेट म्हणजे तेच का?" जगाच्या बातम्या वाचणाऱ्यांकडून हे प्रश्न सारखे येतात. दोन ओळींत उत्तर दिलं की घोळ वाढतो, म्हणून जरा ऐसपैस लिहायला हवं.

आपल्याकडे 'नार्को' म्हटलं की आधी नार्को टेस्ट आठवते. तिचा इथे काही संबंध नाही. लॅटिन अमेरिकेत 'नार्को' म्हणजे अमली पदार्थांचा तस्कर, आणि त्या तस्करीच्या पैशावर तगलेल्या राजवटीला तिथे 'नार्कोदिक्तादुरा' म्हणतात. आपण वापरतो तो शब्द याच जातकुळीतला.

हा शब्द कुणाला लावण्याआधी तीन गोष्टी दाखवता यायला हव्यात. एक, राजवट खरोखर हुकूमशाही आहे, म्हणजे मतदानाने ती हटत नाही आणि न्यायालय तिला अडवू शकत नाही. दोन, सरकारी यंत्रणा स्वतः तस्करीला वाट करून देते. तीन, त्यातून आलेला पैसा सत्ता टिकवण्याच्या कामी येतो. पहिल्या दोन गोष्टी बरेच जण दाखवतात. तिसरी मात्र गृहीत धरली जाते, आणि सगळं अडतं ते तिथेच. मंत्र्याने पैसे खाऊन परदेशात बंगला घेतला तर तो भ्रष्टाचार झाला. त्याच पैशातून फौजेची एक तुकडी पोसली गेली आणि ती तुकडी विरोधकांवर सोडली गेली, तर मात्र हा शब्द लागू होतो.

तस्कर सरकारकडून काय विकत घेतो, हेही नीट समजून घेऊ. त्याला हवी असते खात्री. ठरल्या रात्री धावपट्टी मोकळी असेल, रडारवर कुणी बघणार नाही, कंटेनरला कस्टम्सचं सील लागेल, धाड पडणार असेल तर आधी निरोप येईल आणि परदेशाने मागितलं तरी आपलं प्रत्यार्पण होणार नाही, याची खात्री. बदल्यात राज्यकर्त्याला मिळतं ते अधिकाऱ्यांची निष्ठा विकत घेण्याचं साधन. तिजोरीत खडखडाट असला की कर्नलला पगारवाढ देता येत नाही, पण सीमेवरचा नाका देता येतो. त्या नाक्यावर तो स्वतःचं आणि हाताखालच्या शंभर जणांचं भागवतो. राजवट पडली तर नाकाही जाईल, हे त्याला पक्कं ठाऊक असतं.

तिन्ही गोष्टी एकत्र दिसतात असं सगळ्यात ठळक उदाहरण बोलिव्हियाचं. १७ जुलै १९८० रोजी जनरल लुईस गार्सिया मेसा यांनी लष्करी उठाव करून सत्ता बळकावली. या उठावाला 'कोकेन कू' हेच नाव पडलं, कारण त्यामागे रॉबर्टो सुआरेझ गोमेझ या बड्या कोकेन व्यापाऱ्याचा पैसा होता. उठावाच्याच दिवशी कामगार महासंघाच्या मुख्यालयावर हल्ला झाला आणि समाजवादी नेते मार्सेलो किरोगा सांता क्रूझ मारले गेले. गृहमंत्री झाले कर्नल लुईस आर्से गोमेझ. गेस्टापोचा, म्हणजे नाझी जर्मनीच्या गुप्त पोलिसांचा, फरार अधिकारी क्लाउस बार्बी या राजवटीच्या मदतीला होता. इथे क्रम महत्त्वाचा आहे: आधी तस्करीचा पैसा आला, मग सत्ता आली. पण हे सरकार जेमतेम तेरा महिने टिकलं. अमेरिकेने मान्यता नाकारली, मदत थांबली, लष्करातच फाटाफूट झाली आणि ऑगस्ट १९८१ मध्ये गार्सिया मेसा पायउतार झाले. कोकेनचा पैसा उठावाला पुरला. देशाची देणी आणि आयातीची बिलं भागवायला तो पुरेसा नव्हता. पुढे १९९३ मध्ये त्यांना ३० वर्षांची शिक्षा झाली. आर्से गोमेझ यांना १९८९ मध्येच अमेरिकेच्या हवाली केलं गेलं होतं आणि तिथे तस्करीच्या गुन्ह्यात त्यांना कैद झाली.

पनामाचे लष्करी सत्ताधीश मॅन्युएल नोरिएगा यांचं नाव याच ओघात घेतलं जातं, पण त्यांची गोष्ट वेगळी आहे. कोलंबियातल्या मेडेलिन कार्टेल या कोकेन टोळीकडून ४६ लाख डॉलर घेतल्याचा आरोप फेब्रुवारी १९८८ मध्ये मायामीत त्यांच्यावर ठेवला गेला. १९८९ च्या अमेरिकी सिनेट उपसमितीच्या अहवालाने त्यांच्या कारभाराला 'नार्को-क्लेप्टोक्रसी' म्हटलं, म्हणजे अमली पैशावरचं लुटारूंचं राज्य. तोच शब्द जास्त नेमका आहे, कारण पनामात चलनात डॉलर होता, बँकांची गुप्तता होती, आणि काळा पैसा पांढरा करून देणं हाच तिथला मोठा धंदा होता. याच नोरिएगांना अमेरिकेच्या गुप्तचर खात्याने आणि लष्कराने अनेक वर्षं पैसे दिले होते. तेव्हा हा शब्द कोण आणि कधी वापरतो, तेही बघावं लागतं. मैत्री असताना ज्या तस्करीकडे काणाडोळा होतो, तीच मैत्री तुटल्यावर आरोपपत्रात येते. त्याने आरोप खोटा ठरत नाही. नोरिएगांवरचे दहापैकी आठ आरोप १९९२ मध्ये न्यायालयात सिद्ध झाले.

सीरियावर जरा जास्त थांबायला हवं, कारण अलीकडच्या काळात हा शब्द सगळ्यात चपखल बसला तो बशर अल-असद यांच्या राजवटीला. तिथला माल म्हणजे कॅप्टागॉन. हे मुळात १९६१ मध्ये जर्मनीत निघालेलं औषध, त्यातलं मूळ द्रव्य फेनेथिलीन. १९८६ मध्ये त्यावर आंतरराष्ट्रीय निर्बंध आले. आज त्या नावाने विकल्या जाणाऱ्या गोळीत बहुधा अॅम्फेटामाइन आणि कॅफीन असतं. गोळीवर दोन चंद्रकोरींचा ठसा असतो, म्हणून अरबीत तिला 'अबू हिलालैन' म्हणतात. ठसा मारणं सोपं असल्याने कुणीही ती बनवू शकतं, पण ती प्रचंड प्रमाणात बनवणं कुणालाही जमेल असं नाही.

हा फरक इटलीतल्या सालेर्नो बंदरात उघड दिसला. जुलै २०२० मध्ये तिथे ८.४ कोटी गोळ्या पकडल्या गेल्या, वजन सुमारे १४ टन. मोठमोठ्या कागदी रिळांच्या आणि लोखंडी दातेरी चाकांच्या पोटात त्या भरलेल्या होत्या. इटालियन पोलिसांनी आधी सांगितलं की माल इस्लामिक स्टेटचा आहे. आता हिशेब करून बघा. १४ टनांना ८.४ कोटींनी भागलं की एका गोळीचं वजन साधारण १६७ मिलिग्रॅम येतं. तासाला एक लाख गोळ्या पाडणारं यंत्र धरलं तरी हा माल काढायला ८४० तास लागतील, म्हणजे दिवसरात्र पस्तीस दिवस. यंत्राला अखंड वीज हवी. टनावारी रसायनं आयात व्हायला हवीत. रिळं आणि चाकं खास बनवून घ्यायला हवीत. मग तो माल रस्त्यावरचे नाके ओलांडून बंदरात पोचायला हवा. ज्या संघटनेच्या ताब्यात तोवर प्रदेशच उरला नव्हता, तिला हे कसं जमणार? कंटेनर सीरियाच्या लताकिया बंदरातून निघाले होते, आणि ते बंदर सरकारच्या ताब्यात होतं. नाक्यांवर आणि मालवाहतुकीवर अध्यक्षांचे भाऊ माहेर अल-असद यांच्या लष्कराच्या चौथ्या डिव्हिजनची पकड होती. 'पैसा कुठे जातो' याचं उत्तर इथे सरळ मिळतं: युद्धाने आणि निर्बंधांनी तिजोरी रिकामी केली होती आणि राजवट वाचवणाऱ्या फौजेलाच हा धंदा पोसत होता.

अमेरिका आणि ब्रिटनने मार्च २०२३ मध्ये असद यांच्या चुलत भावांवर याच कारणाने निर्बंध लावले. त्याच वर्षी मे महिन्यात सीरियाला अरब लीगमध्ये परत घेतलं गेलं. त्या वाटाघाटींत गोळ्या थांबवणं हा मोठा मुद्दा होता, म्हणजे या धंद्याचा उपयोग परराष्ट्र धोरणातही झाला. ८ डिसेंबर २०२४ रोजी राजवट कोसळली आणि काही दिवसांतच गोदामं, कारखाने पत्रकारांसमोर उघडले गेले. प्लास्टिकच्या खोट्या फळांत आणि व्होल्टेज स्टॅबिलायझरच्या आत गोळ्या ठासलेल्या होत्या. इतका ढळढळीत पुरावा या विषयात क्वचितच हाती लागतो.

होंडुरासमध्ये मात्र शब्द वापरताना हात आखडता घ्यावा लागतो. हुआन ओर्लांदो एर्नांदेझ २०१४ ते २०२२ अध्यक्ष होते. त्यांचे भाऊ टोनी यांनी कोकेनच्या पुड्यांवर स्वतःची आद्याक्षरं उमटवून घेतली होती, असं सरकारी वकिलांनी न्यूयॉर्कच्या न्यायालयात मांडलं. भावाला २०२१ मध्ये जन्मठेप झाली आणि स्वतः अध्यक्षांना जून २०२४ मध्ये ४५ वर्षांची कैद. तस्करांचा पैसा निवडणूक प्रचारात आला, हे त्या खटल्यांतून पुढे आलं. राज्यघटनेतली फेरनिवडणुकीची बंदी २०१५ मध्ये न्यायालयाकडून उठवून घेतली गेली, २०१७ ची मतमोजणी वादात सापडली आणि निदर्शनांत वीसहून अधिक माणसं मारली गेली. विरोधक 'नार्कोदिक्तादुरा' म्हणत होते ते उगाच नव्हे. तरीही २०२१ च्या निवडणुकीत सत्ताधारी पक्ष हरला आणि सत्ता सोडून गेला. मी इथे नार्को-स्टेट म्हणेन, म्हणजे तस्करीने यंत्रणा पोखरलेलं राज्य; हुकूमशाही म्हणणार नाही. डिसेंबर २०२५ मध्ये अमेरिकेच्या अध्यक्षांनी एर्नांदेझ यांना माफी दिली. माफीने शिक्षा संपते, साक्षीपुरावे नाहीसे होत नाहीत.

व्हेनेझुएलाबद्दल सगळ्यात जास्त विचारलं जातं. मार्च २०२० मध्ये अमेरिकेने तिथले तेव्हाचे अध्यक्ष निकोलस मादुरो यांच्यावर तस्करीचे आरोप ठेवले. माहितीसाठीचं बक्षीस दीड कोटी डॉलरवरून ऑगस्ट २०२५ मध्ये पाच कोटींवर गेलं, आणि ३ जानेवारी २०२६ रोजी लष्करी कारवाई करून त्यांना न्यूयॉर्कला नेलं गेलं. त्यांनी आरोप नाकारले. राजवट हुकूमशाही होती, यात मला शंका नाही. अधिकाऱ्यांचा हात होता, यालाही आधार आहे: मादुरो यांच्या पत्नीच्या दोन भाच्यांना २०१५ मध्ये हैतीत पकडलं आणि अमेरिकेत शिक्षा झाली. पण 'कार्टेल दे लोस सोलेस' ही एका म्होरक्याची शिस्तबद्ध टोळी असल्यासारखं जे लिहिलं जातं ते चूक आहे. जनरलांच्या गणवेशावरच्या सूर्यचिन्हावरून पत्रकारांनी १९९० च्या दशकात दिलेलं ते नाव. प्रत्यक्षात आपापले नाके चालवणाऱ्या अधिकाऱ्यांचं सैलसर जाळं असंच त्याचं रूप आहे. शिवाय या राजवटीचा मुख्य आधार वर्षानुवर्षं तेल होता. म्हणून 'तस्करीला संरक्षण देणारी हुकूमशाही' हे वर्णन इथे जास्त प्रामाणिक ठरतं.

पश्चिम आफ्रिकेतल्या गिनी-बिसाउलाही बरेच जण हा शब्द लावतात. तिथे कोकेन बिजागोस बेटांवर उतरायचं आणि माजी नौदलप्रमुखांना अमेरिकेने २०१३ मध्ये समुद्रात सापळा लावून पकडलं. पण तिथली अडचण सरकार फार बळकट असण्याची नाही, फार दुबळं असण्याची आहे. तोही नार्को-स्टेटच. अफगाणिस्तानात तालिबानने अनेक वर्षं अफूवर कर घेतला, पण एप्रिल २०२२ च्या बंदीनंतर संयुक्त राष्ट्रांच्या मोजणीनुसार अफूखालचं क्षेत्र २०२३ मध्ये २,३३,००० हेक्टरवरून १०,८०० हेक्टरवर आलं. राजवट तशीच कठोर राहिली, पैशाचा स्रोत बदलला. अशा वेळी जुनं लेबल तसंच चिकटवून ठेवणं बरोबर नाही.

ईस्ट इंडिया कंपनीचं काय, असंही कुणी विचारतं. १७७३ पासून बंगालच्या अफूवर तिची मक्तेदारी होती, कलकत्त्याच्या लिलावातून माल चीनकडे जायचा आणि रयतेला राज्यकर्ते बदलण्याचा अधिकार नव्हता. रचना बरीच सारखी आहे. पण कंपनीच्या स्वतःच्या कायद्यात तो व्यापार वैध आणि उघड होता. नार्को-हुकूमशाहीत राज्य स्वतःच बेकायदा ठरवलेला धंदा लपवून चालवतं, आणि या लपवाछपवीमुळेच तिथे हिशेब आणि उत्तरदायित्व दोन्ही नाहीसं होतं.

आता बातमी वाचताना काय तपासायचं ते. 'अमुक अब्ज डॉलरचा धंदा' हा आकडा बहुतेक वेळा किरकोळ भावाने काढलेला असतो. गोळी शेवटच्या गिऱ्हाइकाच्या हाती पडते तो भाव. त्यातला मोठा वाटा वाटेतले आणि विक्रीच्या देशातले दलाल खातात. उत्पादक देशातल्या राजवटीकडे पोचतो तो ठोक भावातला हिस्सा. म्हणून किरकोळ भावाचा आकडा देशाच्या निर्यातीशी ताडून बघणं ही चूक आहे. जप्ती वाढली म्हणजे उत्पादन वाढलं असंही नाही, कधी नुसती तपासणी वाढलेली असते. साक्षीदार कोण आहेत तेही बघा. या खटल्यांत बऱ्याच साक्षी शिक्षा कमी करून घेऊ पाहणाऱ्या तस्करांच्या असतात, त्यामुळे वह्या, फोनचे तपशील, बँकेचे व्यवहार यांची जोड आहे का, हे महत्त्वाचं. पुरावा कुठे तुटतो याचं उदाहरण म्हणजे 'पोंग सू' हे उत्तर कोरियाचं जहाज. एप्रिल २००३ मध्ये ऑस्ट्रेलियात ते हेरॉइनसह पकडलं गेलं. किनाऱ्यावरच्या माणसांना शिक्षा झाली, पण कप्तान आणि तीन अधिकारी २००६ मध्ये निर्दोष सुटले. जहाजापासून राजधानीपर्यंतची साखळी त्या खटल्यात जोडली गेली नाही.

लिहिताना मी हे असं वापरेन. नुसतं आरोपपत्र असेल तर 'तस्करीचा आरोप असलेली राजवट'. यंत्रणा पोखरली आहे पण सत्ता मतदानाने बदलते, तर 'नार्को-स्टेट'. सशस्त्र गट तस्करीच्या पैशावर हल्ले करत असतील तर 'नार्को-दहशतवाद', तो वेगळा विषय. आणि फौजेपर्यंत पैसा पोचल्याचा पुरावा हातात असेल, तेव्हाच 'नार्को-हुकूमशाही', तीही काळ सांगून: बोलिव्हिया १९८०-८१, असद यांचा सीरिया २०२४ पर्यंत. देशाच्या नावापुढे हा शब्द कायमचा जोडू नका. तो राजवटीचा आहे, आणि तिथल्या लोकांनीच तिची सगळ्यात जास्त किंमत मोजलेली असते.